कुमुदताईंचा स्मृतिपट

रडका प्रसंग कापताना तनुजा गोडबोलेचा हात कधी अडला नव्हता. चरित्रपटांच्या संकलनात तिची उभी हयात गेली होती. प्रेक्षक कुठे जांभई देतो, हे तिला बरोबर कळायचं. पण आता तिचा प्रेक्षक एकच असायचा, आणि चरित्रही त्याचंच. स्मृती गेलेल्या माणसाच्या जुन्या चित्रफिती जोडून ती स्मृतिपट तयार करायची. डोक्याला संवेदकांची पट्टी बांधून तो दाखवला, की मेंदू त्याला स्वतःची आठवण समजे. पहिला खेळ चाचणीचा, संध्याकाळपर्यंत पुसला जाई. दुसरा कायमचा.

नागपूरच्या कुमुदताई देवतळ्यांनी अर्ध्या शहराला पोहायला शिकवलं होतं; आता त्यांना नवराही ओळखू येत नव्हता. त्यांचा एकुलता एक मुलगा ओजस फार वर्षांपूर्वी तलावात बुडून गेला होता. तेवढं पटात नको, असं त्यांचे यजमान वसंतराव म्हणाले.

"जन्मभर रडली ती, ताई. आता पुन्हा काऊन रडवायचं?"

तनुजाला पटलं. पण मुलगा दिसला तर तो कुठे गेला हे त्या विचारणारच, म्हणून तिने ओजसला जन्मापासूनच काढून टाकलं आणि सांधा दिसू नये म्हणून मध्ये पाण्यावरचं ऊन जोडलं. काम इतकं सफाईदार झालं, की ती स्वतःवरच खूश झाली. तरी त्या दिवसापासून तिला कशात चैन पडेना.

आज चाचणीचा खेळ संपला. कुमुदताईंनी डोळे उघडून नवऱ्याला ओळखलं, आणि वसंतरावांना रडूच आवरेना.

"अहो, बँकेतली पक्की नोकरी सोडून मी पोहणं शिकवायला काऊन लागली?" कुमुदताईंनी हसत विचारलं.

"आवड होती तुला."

"मला? पाण्याची तर मला भीती वाटते!"

तनुजाला आपली चूक कळली. ओजस गेल्यावरच ही बाई पाण्यात उतरली होती. दुःख काढण्याच्या नादात आपण तिच्या जगण्याचं कारणच कापून बसलो!

"यांना ओजस परत द्यायला हवा," ती वसंतरावांच्या कानाशी पुटपुटली.

त्यांनी हात जोडले. "नका हो. तिला असं हसताना किती वर्षांनी पाहतोय मी! दुसरा खेळ लावा."

तनुजाचं बोट खेळ सुरू करायच्या बटणावर नुसतंच टेकलं. कुमुदताई आता तिच्याकडे बघत होत्या.

"तुम्ही माझं सगळं आयुष्य पाहिलंय ना? मग सांगा बाई, एवढ्या पोरांना शिकवून मी कोणाला वाचवत होती?"