मॅडमचं उठायचं राहिलं

ही गोष्ट खरी आहे. ज्याला थाप वाटेल त्याने टोकावड्याला यावं आणि अंबूबाईला तोंडावर खोटारडी म्हणून दाखवावं. धड परत गेला तर बोला.

गेल्या माघातली दुपार. माळशेजच्या रस्त्याला, गावाबाहेरच्या बंद बंगल्यात सिनेमाचं काम चाललं होतं. इंग्लंडहून एक म्हातारी नटी आली होती, एडना मॅडम. उभा जन्म नाटक-सिनेमात गेला. कधी मोलकरीण, कधी नर्स, कधी कोणाची मावशी. मोठ्या अक्षरात नाव कधी आलंच नाही. या सिनेमाचा शेवट मात्र तिचा होता. खिडकीत पाठमोरं बसायचं. मग उठून निघून जायचं.

बसली... आणि तिथेच कोसळली. गाडीने मुंबईला नेली.

पाठ तिच्यासारखीच म्हणून अंबूबाईच्या धाकट्या जावेला, लहानीला, मॅडमचा झगा चढवून खिडकीत बसवलं. बसायचं झालं. उजेड गेला. उठायचं उद्यावर ठेवलं.

"सोंग उतरव गो आधी!" अंबूबाई ओरडली. "बोहाड्याच्या जत्रेत देवाचा मुखवटा घातलेला नारळ फोडल्याबिगर घरी जातो काय?"

"आक्का, झगा हाय तो, देव नाय!" लहानी हसली.

तो उद्या आलाच नाही. मॅडम रात्रीच वारली. सिनेमावाले झगा खुंटीला सोडून पसार.

दुसऱ्या दुपारी लहानी घरच्या खिडकीत बसली. पाठमोरी.

"भाकऱ्या कोण थापील, तुझा बाप?"

लहानीने खिडकीची चौकट धरून जोर लावला.

मग अगदी बारीक आवाज.

"आक्का... उठता येत नाय."

नवरा काळूराम ओढून ओढून घामाघूम झाला. हलेना. दिवस मावळला तशी आपोआप सुटली.

पण रोज तेच. आणि रोज सुटायला जास्त वेळ.

एकदा तर पार कोंबडा आरवल्यावर सुटली. "आज बसले तर उठायची नाय गो, आक्का," लहानी रडली.

अंबूबाईने पदर खोचला. "अर्धं सोडलंय ते पुरं करू. चल."

तिने लहानीची वेणीफणी केली, अंबाड्यात अबोली खोवली. बंगल्यात झगा घालून त्याच खुर्चीत बसवलं. घरचे सगळे अंगणात. अंबूबाईने नारळ फोडला.

"ऊठ!"

काहीच नाही...

"नटी हाय ती. टाळ्या वाजवा रे!"

वाजवल्या.

खुर्ची करकरली... लहानी उठली. हसत दाराबाहेर आली. काळूराम तिला धरून रडला.

तिच्या अंबाड्यात अबोली नव्हती.

अंबूबाईने मागे पाहिलं.

खिडकीत कोणीतरी बसलं होतं. पाठमोरं. अंबाड्यात अबोली...

आता घरी सगळं ठीक आहे. लहानी रांधते, काळूराम खूश आहे. त्याला सांगायचं कोणत्या तोंडाने?

फक्त आरतीला टाळ्या सुरू झाल्या की ती थांबते... छातीवर हात ठेवते... आधी डावीकडे, मग उजवीकडे, हळूच मान लववते.

अंबूबाई बाजाराला जाते ती एसटी त्या बंगल्यावरून जाते. मोटारीच्या खडखडाटातही तिला ऐकू येतं...

"आक्का... उठता येत नाय."

परत जाऊन टाळ्या वाजवायची तिची छाती होत नाही.

या खेपेला कोण उठेल?