जीवधनच्या कोठीतली जागा

सुदर्शन जीवधनवरून खाली उतरला नाही.

आता हे वाक्य तुम्ही वाचलंच नाही असं समजा. बोरी बुद्रुकला त्याच्या घरी आम्ही सगळे तसंच समजतो. तो सुरतेला कापडाच्या कारखान्यात लागलाय आणि त्याला सुट्टी मिळत नाही, असं ठरलेलं आहे. त्या नसलेल्या कारखान्याच्या मालकाला शिव्या घालण्यात मीच सगळ्यात पुढे असतो. तेव्हा तुम्हीही विसरा आणि जुन्नरच्या स्टँडवर चला. साल दोन हजार एक, डिसेंबर, रविवारची सकाळ.

आम्हाला गड बघायचा होता, पण फुकटाच्या जवळपास. सुदर्शनचं म्हणणं असं, की सातवाहनांच्या काळापासून लोक नाणेघाट चढतायत, त्यांनी काय सुमो बुक केली होती का? म्हणून नारायणगावहून जुन्नरपर्यंत आम्ही टोमॅटोच्या रिकाम्या क्रेटवर बसून टेम्पोतून आलो. पुढे घाटघरपर्यंत एसटी आणि घाटघरच्या पुढे पाय. संध्याकाळच्या गाडीनं परत यायचंच होतं, कारण दुसऱ्या दिवशी त्याच्या बहिणीला, अक्षदाला, बघायला पाव्हणे येणार होते. वडील वारलेले. पाव्हण्यांसमोर घरचा माणूस म्हणून सुदर्शननंच बसायचं होतं. निर्मलाकाकूंनी, म्हणजे त्याच्या आईनं, आदल्या दिवशी आमच्या शेजाऱ्यांच्या फोनवर फोन करून मला बजावलं होतं, "सूरज, पोरगं सांजच्याला घरी पायजे. तुझ्या भरवशावर सोडतीय."

माझ्या भरवशावर! चोवीस वर्षांचा घोडा, आणि तो माझ्या भरवशावर. तेव्हाच नाही म्हणायला पाहिजे होतं.

घाटघरची गाडी लागली तसा फलाटावर दंगा उसळला. दंग्यात सुदर्शनचा हात धरणारा तालुक्यात कुणी नव्हता. गाडी थांबायच्या आत तो खिडकीच्या गजांतून रुमाल असा सोडायचा, की तो बाकड्यावर पसरूनच पडायचा. एकदा रुमाल पडला, की विषय संपला. आमच्याकडची माणसं शेजाऱ्याचा बांध कोरतील, पाण्याच्या पाळीवरून डोकी फोडतील, पण दुसऱ्यानं टाकलेला रुमाल उचलणार नाहीत. बेल्ह्याच्या बाजारात बैलाचं वय चोरणारा व्यापारीसुद्धा रुमाल दिसला की गपगुमान उभा राहतो. हा कायदा कुठल्या सरकारनं केला ते माहीत नाही, पण तेवढा एकच पाळला जातो.

घाटघरला उतरून साळुबाईंच्या टपरीवर चहा घेतला आणि चढायला लागलो. वाट आधी कारवीतून, मग उघड्या खडकावरून. पायऱ्या मध्येच तुटलेल्या. तिथं खोबण्यांत बोटं घालून वर सरकायचं. वाळलेलं गवत पायाला लागून सळसळत होतं. घाम गार पडत होता. सुदर्शन वरून ओरडत होता, "सुऱ्या, ये लवकर, कंडक्टर डबल बेल मारतोय!"

वर पोचलो तेव्हा ऊन डोक्यावर आलं होतं. गडावर सावली म्हणून नाही. सगळं पिवळं गवत, टाकी, पडकी जोती आणि मध्ये ती दगडी कोठी. दारावर हत्तींमध्ये बसलेली लक्ष्मी कोरलेली. आत खोलीच्या आत खोली. एकाही खोलीला खिडकी नाही. पूर्वी धान्य साठवायचे म्हणतात.

जेवायला तीच जागा बरी होती. पण तेवढ्यात मागून पुण्याची पोरं वर आली, पाठीवर भल्यामोठ्या सॅका, गळ्यात दोर. तीही सावली शोधत होती. सुदर्शननं त्यांच्याकडे बघितलं, कोठीकडे बघितलं, खिशातून रुमाल काढला आणि दारातून आतल्या अंधारात सोडला.

"धरली," तो म्हणाला.

पुण्याची पोरं आमच्याकडे न बघता गडाशेजारच्या सुळक्याकडे निघून गेली. आम्ही हसत आत शिरलो. पहिली खोली, दुसरी खोली. बॅटरी लावली. सगळ्यात आतल्या खोलीत, पार भिंतीपाशी, रुमाल पसरलेला होता. चारी कोपरे सरळ, एकही चुणी नाही. दारातून दोन खोल्या ओलांडून, वळून, तो तिथवर कसा गेला हा प्रश्न मला पडला. सुदर्शनला पडला नाही. त्याला वाटलं, हात बसलाय.

आत गार असायला पाहिजे होतं. गार नव्हतं. भरलेल्या गाडीत असतं तसं कोंदट, उबदार होतं. वटवाघळांचा वास होताच, पण त्याखाली घोंगड्यांचा, तंबाखूचा, माणसांच्या अंगाचा वास होता. पायाखाली राख होती, जुनी, मऊ.

सुदर्शन रुमालावर बसला. बसताना त्यानं गुडघे एका बाजूला घेतले आणि उजवीकडे बघून म्हणाला, "काका, जरा सरका."

मग तो थोडा आणखी आत सरकला.

मी हसलो. अशी नाटकं तो नेहमीच करायचा. शाळेत फळ्याला तिकीट मागितलं होतं त्यानं. मी भाकरी सोडली, ठेचा काढला, आम्ही जेवलो. त्यानं पाणी प्यायलं, बाटली माझ्याकडे दिली. बाटली घ्यायला मला वाकावं लागलं.

तेव्हा लक्षात आलं, की मी उभा आहे. सगळं जेवण मी उभ्यानं जेवलो होतो, एका हातानं भिंत धरून. समोर एवढी मोठी खोली मोकळी होती आणि बसायचं माझ्या मनातसुद्धा आलं नव्हतं. जागाच नव्हती.

मला भीती वाटली नाही. राग आला. एवढा चढून आलेला माणूस मी, आणि उभा?

"चल, ऊठ," मी म्हणालो. "गाडी जाईल."

"तू हो पुढं."

"पुढं काय पुढं? उद्या पाव्हणे आहेत."

"अरे उठलो तर जागा जाईल ना राव," तो म्हणाला. हळू आवाजात, आजूबाजूच्यांना ऐकू जाऊ नये तसा. "बघतोयस ना गर्दी?"

मी त्याचा हात धरून ओढला. हात नेहमीसारखाच होता, गरम, ठेच्याच्या तेलाचा. तो अर्धा उठलासुद्धा. तेवढ्यात माझ्या मागून, दारातून, कुणीतरी अगदी वैतागून म्हणालं, "ओ भाऊ, दारात उभं ऱ्हाऊ नका. चढणारांना चढू द्या."

आणि मी बाजूला झालो.

दुसरं काय करणार? जन्मभर हेच करत आलोय. कुणी असं म्हटलं की पाय आपोआप सरकतात. हात सुटला. मी भिंतीला चिकटलो. माझ्या छातीला घासून काहीतरी आत गेलं. मग आणखी काहीतरी. मग बरंच.

बॅटरी आत मारली तेव्हा राख होती. भिंत होती. रुमाल नव्हता. सुदर्शनही नव्हता.

मी हाका मारल्या. शिव्या दिल्या. "सुद्या, मस्करी पुरे, तुझ्या आईला काय सांगू?" खोलीत पाऊल टाकायला गेलो तर पाय उचलेना, कारण टाकायचा कुठं?

खाली पळत आलो. गुडघे फुटले. साळुबाईंनी ऐकून घेतलं, चहाचं भांडं चुलीवरून उतरवलं आणि विचारलं, "त्यानं आत काय टाकलं तर न्हाई ना?"

"रुमाल."

त्यांनी चुलीतलं लाकूड मागं ओढलं. मग म्हणाल्या, "आमची माणसं शेरडांमागं जात्यात तिकडं. पण आत कोन काय ठेवत न्हाई."

"का?"

"का म्हंजी? न्हाई ठेवत."

हे मला आधी सांगायला काय झालं होतं? सकाळी चहा पाजताना एवढं एक वाक्य बोलता आलं नसतं?

दुसऱ्या दिवशी उजाडताच, रात्रीच फोन करून बोलावलेले सुदर्शनचे चुलते सयाजीकाका आणि घाटघरची चार-सहा माणसं घेऊन मी परत वर गेलो. कंदील होते, दोर होता. सगळे आतल्या खोलीत शिरलो आणि मी बघितलं, सगळेच्या सगळे दाराजवळ एकमेकांना खेटून उभे आहेत. कुणी भिंतीचा आधार घेतलाय, कुणी पुढच्याचा खांदा धरलाय. पुढे खोली रिकामी. कंदिलाच्या उजेडात कोपरे दिसत होते.

"पुढं व्हा की," मी म्हणालो.

"जागा कुठंय?" सयाजीकाका म्हणाले.

म्हटल्यावर त्यांनाही कळलं. त्यांनी कंदील खाली घेतला. बाहेर येऊन ते जोत्यावर बसले आणि डोक्यावरची टोपी काढून हातात फिरवत राहिले.

"आज पाव्हणे येत्यात," शेवटी ते म्हणाले. "भाऊ गडावर नाहीसा झाला म्हनून सांगितलं तर पोरीला कोन करून घेईल? अन् वयनीचं काय व्हईल?" सुरत त्यांनी तिथंच काढली. कुणाला विचारलं नाही, मलाही नाही. मी तिथंच ओरडलो, की पोरगं आत बसलंय आणि तुम्ही कारखाना कसला काढताय? सगळे आपापले कंदील विझवत होते.

काकूंनी विश्वास ठेवला. मी गेलो की त्या एकच विचारतात, "जाताना गाडीत बसायला जागा तरी मिळाली व्हती का रं त्याला?"

"मिळाली," मी सांगतो. त्या घरात मी बोलतो त्यातलं तेवढंच खरं असतं.

त्या पाव्हण्यांनी अक्षदाला पसंत केलं. लग्न येत्या वैशाखात धरलंय. मुलीच्या लग्नात नवरदेवाचा कान पिळायला भाऊ लागतो, आणि अक्षदाला भाऊ एकच. तिनं मला बाजूला घेऊन सांगितलं, "दादा आला न्हाई तर मी मांडवात उभी ऱ्हानार न्हाई. त्याला तसं कळव." तिचे डोळे बघून मला वाटलं, सुरतेवर तिचा कधीच विश्वास नव्हता.

म्हणून मागच्या आठवड्यात मी पुन्हा वर गेलो. भर दुपारी. आतल्या खोलीच्या दारात उभा राहिलो आणि सगळं सांगितलं. लग्नाची तारीख, अक्षदाचा हट्ट, काकूंचे दुखरे गुडघे.

भिंतीला हात टेकून थांबलो.

मग आतून, गर्दीतून येतो तसा, त्याचा आवाज आला. "आत्ता कसं जमंल, सुऱ्या? भरत आलीय."

"काय भरत आलीय?"

"निघंल आता. थोडी राह्यलीय."

"कुठं जाते?"

"ते कुणी विचारत न्हाई," तो म्हणाला. मग म्हणाला, "सोडलं यांनी तर येतो की मी. पर यांना विचारायला पायजे."

यांना म्हणजे कुणाला, ते त्यानं सांगितलं नाही. एवढी माणसं भरतात, निघायची वेळ ठरवतात, आणि दारावर एका जबाबदार माणसाचं नाव नाही! चौकशीची खिडकी नाही, तक्रारपेटी नाही. ही काय पद्धत झाली? शेवटी मी अर्ज केला. दारावरच्या लक्ष्मीच्या बरोबर खाली, उंबऱ्यापाशी दगडाखाली ठेवलाय. मजकूर असा:

प्रति, आतला कारभार जे कोणी पाहत असतील ते.

महोदय, आपल्याकडे बसलेला इसम सुदर्शन, राहणार बोरी बुद्रुक, याच्या सख्ख्या बहिणीचे लग्न असून कान पिळण्यास घरात दुसरा भाऊ नाही. तरी त्यास त्या एका दिवसापुरते खाली सोडण्यात यावे. कार्य उरकताच त्यास परत आणून बसवण्याची जबाबदारी अर्जदार घेत आहे. तो येईपर्यंत कृपया निघू नये. तसेच दरम्यानच्या काळात त्याची जागा राखण्यासाठी अर्जदारास बसवण्यात येऊ नये, ही विनंती.