मौलालीचा हात

मिरज जंक्शनच्या बाहेर, चहाच्या टपरीपाशी, फिरायला आलेली एक पोरगी दोन भांडी धरून चहा वरखाली ओतत होती. धार कमरेपासून डोक्याच्या वर जात होती आणि थेंब सांडत नव्हता. तिच्या उजव्या हातात राखाडी मोजा होता. टपरीचा मालक खुर्चीवर बसून मजेत बघत होता, कारण त्या मोज्यात त्याचाच हात होता.

"बघितलंत?" हलिमा शिकलगार म्हणाली. "याचा हात सकाळपासून राबतोय आणि हा पेपर वाचतोय. नशीब काढलं गड्यानं!"

अनघा टिपणीस हसली. हस्तस्मृती मोजा तिला नवा नव्हता. कारागीर काम करताना मेंदूकडून स्नायूंना जे बारीक विद्युत्संकेत जातात ते या मोज्यात टिपले जात. मग दुसऱ्या कुणी तो घातला की तेच संकेत त्याच्या स्नायूंना मिळत आणि ज्याला आयुष्यात सुई ओवता आली नाही तोही सफाईनं शिवू लागे. ही नुसती नक्कलही नव्हती. मनगटाशी ध्वनिग्राहक, बोटांच्या टोकांना स्पर्शसंवेदक; त्यामुळे समोर जे लाकूड, जो धातू असेल त्याप्रमाणे मोजा आपली चाल बदलायचा. पाचसहा वर्षांत गावोगाव असे हात झाले होते. लोक बोलतानाही तसंच बोलायचे, की या कुंभाराचा हात घातलास का, त्या हलवायाचा घालून बघ.

हलिमा साठीची, ठेंगणी, डोक्यावर पदर घट्ट आणि जीभ मोकळी. ती पाहुण्यांना आपल्या विजेच्या रिक्षातून मिरज दाखवायची, पण एका वेळी एकालाच. "दोघं बसले की आपसात बोलत बसतात," ती म्हणायची, "मग माझं कोण ऐकणार?"

आजची पाहुणी मात्र फिरायला आलेली नव्हती, आणि हलिमाला ते ठाऊक होतं. अनघा पुण्याच्या हस्तकौशल्य परिषदेची. सतार-तंबोऱ्यांची गल्ली 'जिवंत' ठरवायची की 'जतन', हे तिच्या शेऱ्यावर ठरणार होतं. जिवंत ठरली तर गल्लीत शिकणारी पोरं येणार, कारखान्यांची दारं उघडी राहणार. जतन ठरली तर सगळ्या कारागिरांचे हात मोज्यांत भरून हमरस्त्यावरच्या काचेच्या दालनात ठेवायचे आणि कारागिरांनी मानानं घरी बसायचं. हलिमाचा मुलगा तौफिक, त्याच गल्लीतला कारागीर, चाळिशीत घरी बसणार होता. तो विचार आला की हलिमाचा तिळपापड व्हायचा. तरीही तिनं अनघाला सांगितलं होतं, "आधी माझी मिरज बघा, मग काय ते ठरवा."

रिक्षा रेल्वे यार्डाच्या भिंतीशी थांबली. "हितनं लातूरला पाण्याची गाडी गेली," हलिमा म्हणाली. "तिकडं नळ आटले होते, माणसं घागरी घेऊन रात्ररात्र उभी. आमच्या कृष्णेचं पाणी वाघिणींत भरलं आणि पाठवलं. मी तेव्हा बघायला आले होते. गाडी हलली आणि अंगावर काटा आला बघा. आजवर ह्या जंक्शनातनं साखर गेली, लष्कर गेलं, आजारी माणसं आली, पण त्या दिवसासारखी गाडी नाही. आणि पुढं काही वर्षांनी तीच कृष्णा घाटावरनं वर आली, बायाबापड्यांना होडीतनं काढावं लागलं. देणारी तीच, बुडवणारी तीच. तरी आम्ही तिला आईच म्हणतो."

मग दर्गा. उरुसात गाणाऱ्यांचं इथं काय चालतं, चिंचेखाली बसून मोठमोठे गवई कसे हजेरी लावतात, त्यांचे तंबोरे कुणाच्या घरचे असतात, हे सांगताना तिचा आवाज चढत गेला. "आमचे वाडवडील हत्यारांना धार लावणारे. राजेरजवाड्यांची हत्यारं म्यान झाली तेव्हा पोटाला काय, हा प्रश्न आला. कुणीतरी मोडकी सतार दुरुस्तीला आणून दिली. तलवारीची कानस तारेखाली फिरली. त्या दिवसापासून गाव गाण्याला लागलं. सांगा, असं दुसरं गाव आहे?"

"नसेल," अनघा म्हणाली, आणि तिला ते खरंच वाटलं. बाई गाव दाखवत नव्हती, आपलं माहेर दाखवावं तशी मिरवत होती. पण अभिमान शेऱ्यात धरता येत नाही, हेही अनघाला माहीत होतं. तिचा प्रश्न सरळ होता. हात मोज्यात आहे, मग गल्ली कशाला?

गल्लीत शिरताना भोपळ्यांचा वास आला. दोन्ही बाजूंना ओट्यांवर वाळलेले भलेमोठे भोपळे, कुठं रंधा, कुठं लाखेचं काम. तौफिक दारात उभा होता. आतल्या भिंतीवर काचेच्या पेटीत एक जुना मोजा होता, कोपरापर्यंत लांब, ठिगळं लावलेला.

"हा पहिला," तौफिक म्हणाला. "मोजे काढणाऱ्या कंपनीनं अब्बांचा हात भरला तो हा. हितंच, ह्याच घरात बसून महिनाभर भरला. बाजारात आहेत त्या त्याच्या सुधारलेल्या आवृत्त्या. हा त्यांनी आम्हाला आठवण म्हणून दिला."

हलिमाचा नवरा मौलाली शिकलगार जाऊन चार वर्षं झाली होती. जवारीत त्याचा हात धरणारा कुणी नव्हता, असं गाणारे अजून म्हणत.

"जवारी म्हणजे नेमकं काय?" अनघानं विचारलं.

तौफिकनं तंबोऱ्याच्या घोडीवर बोट ठेवलं. भोपळ्यावरच्या पातळ लाकडावर ही हाडाची बुटकी घोडी, आणि तारा तिच्यावरून गेलेल्या. "तार नुसती टेकली तर टणटण वाजते. घोडीचा माथा केसाएवढा उतरता घासला की तार त्याला सलग स्पर्श करत थरथरते आणि आवाज उमलतो. ती जवारी. कमी घासली तर आवाज मुका. जास्त घासली तर चरचर."

"आणि मोज्याची जवारी?"

तौफिक तारेवरची धूळ पुसू लागला. उत्तर हलिमानंच दिलं. "पहिला मोजा नेहमी जास्त घासतो. थांबायचं तिथं थबकतो, आणि मग पुढं जाऊन नासवतो. नवे मोजे मापावर थांबतात. सूर चोख, आणि आवाज? कोरड्या घशाचा."

"कंपनीच्या अहवालात वाचलंय मी," अनघा म्हणाली. "दोष कुठं आहे ते त्यांना सापडलं नाही. पण सापडेल. मला एकदा हा मोजा घालून बघायचाय. पाहुण्यांना देता त्या नमुन्याच्या लाकडावर नको. खऱ्या तंबोऱ्यावर."

तौफिकनं आईकडं पाहिलं. कोपऱ्यात हुबळीच्या एका गायिकेचा तंबोरा जवारीसाठी तयार होता. घोडी नासली तर नवी करावी लागणार होती. पण नाही म्हटलं तर घाबरलो असं होणार.

"लाव," हलिमा म्हणाली आणि उठून ओट्यावर गेली.

ती नेहमीच जायची. नवऱ्याचा हात परक्या मनगटावर हललेला तिला बघवत नसे. पाहुणे आत मोजा घालायचे तेव्हा ती रस्त्याकडं तोंड करून बसायची, कान मात्र आत. थांबायची जागा आली की तिला कळायचं, ती गेली की कळायचं, आणि ती ओठ दाबून बसायची. नमुन्याचं लाकूडच तर आहे, ती मनाला समजवायची, नाटकातल्या घोडीवर जीव कशाला जाळायचा.

आत अनघाच्या हाताला मुंग्या आल्या. मग बोटं वळली. आपली बोटं आपण न वळवता वळताना ती बघत राहिली. तौफिक तारा बाजूला सारायचा, कानस हाडावरून हलके जायची, तारा परत बसायच्या, बोट छेडायचं. आवाज मुका होता. पुन्हा कानस. आवाज थोडा उघडला. पुन्हा. आता तारेतून एक गुणगुण उठली आणि खोलीत पसरत गेली. हात थबकला. कानस हाडापासून बोटभर वर, तशीच. अनघाला मनगटात एक ताण जाणवला, जणू कुणाची तरी वाट बघतोय. हाच तो अहवालातला दोष. आता हात पुढं जाणार आणि नासवणार.

"हां," ओट्यावरून आवाज आला.

अनघाच्या हातानं कानस खाली ठेवली. बोटं सैल झाली. मोजा शांत झाला.

"मी काही केलं नाही," ती घाईनं म्हणाली. "मी थांबवलं नाही हो!"

तौफिकनं चारही तारा छेडल्या. आवाज असा भरून आला की समोरच्या ओट्यावरचा रंधा थांबला आणि दोघंतिघं दारात येऊन उभे राहिले. "चाचांची जवारी," त्यांतला एक पुटपुटला.

हलिमा आत आली. डोळे पुसले, लपवले नाहीत. "खरा तंबोरा होता. माझ्यानं गप्प बसवेना."

मग तिनं सांगितलं. या घरची रीत होती, की आपली जवारी आपण मंजूर करायची नाही. हात आपल्या कामाच्या प्रेमात असतो, म्हणून होकार दुसऱ्याच्या कानानं द्यायचा, आणि तोही हाताकडं न बघता. मौलाली खोलीत घासायचा, हलिमा चुलीपाशी भाकरी थापायची, मोजा भरला त्या महिन्यातही. तिचं हां आलं की कानस खाली, 'अजून नाही' आलं की आणखी एक हलका हात. "काहीच आलं नाही तर वाट बघायचे. लई वाट बघायचे. मी मुद्दाम उशीर लावायचे कधीकधी, भांडण झालेलं असलं की. मग कावून घासायला लागायचे, आणि घोडी गेली की माझ्यावर ओरडायचे."

अनघाला अहवालातली एक ओळ आठवली. तिला ती सांगावीशी वाटेना, पण सांगितली. "नव्या मोज्यांत त्यांनी स्वयंपाकघरातले आवाज गाळून टाकले. कचरा म्हणून."

"म्हणजे मला गाळलं!" हलिमा कडाडली. "तीस वर्षं मिरजेची जवारी ह्या कानानं पास केली आणि मी कचरा? शाब्बास!" आणि मग ती हसत सुटली, तौफिकही हसला, दारातली माणसंही हसली.

अनघा हसली नाही. "हलिमाबी, दोष सापडला म्हणजे तो दुरुस्तही होणार. तुमचा होकार भरून घेतला की मोजा पुरा झाला."

दारातले लोक एकमेकांकडं बघू लागले. तौफिकचा चेहरा उतरला. "अम्मी, काय करून बसलीस?"

हलिमाच्या आता ध्यानात आलं. तंबोरा वाचवायला गेली आणि गल्लीच मोज्यात घालून दिली की काय? ती चुलीच्या जुन्या जागेकडं बघत उभी राहिली. मग पदर खोचून म्हणाली, "घ्या की भरून. माझं हां घ्या. पण मी कधी म्हणते ते कुठून घ्याल? बाप्याला गायला लागणारी जवारी निराळी, बाईला निराळी. हुबळीच्या बाईचा गळा मी उरुसात ऐकलाय, म्हणून ही हितं थांबवली. उद्या कुणी नवं गाईल, त्याला कोण ऐकणार? तौफिक, दुसरा तंबोरा लाव. बाई, मोजा काढू नका."

"मी?"

"तुम्हीच. हात तुमचा नाही, ह्यांचा आहे. कान तुमचा आहे. म्हणजे रीत मोडत नाही. हा तंबोरा तौफिक घरी ठेवणाराय, शिकायला येणाऱ्या पोरांसाठी. पोरं आली तर." शेवटचे शब्द तिनं अनघाच्या डोळ्यांत बघून म्हटले.

"मला गाण्यातलं काही कळत नाही हो."

"मला तरी लग्नात कुठं कळत होतं? भाकऱ्या करता करता कान झाला. डोळे मिटा."

हलिमा ओट्यावर जाऊन बसली, रस्त्याकडं तोंड करून. अनघानं डोळे मिटले. कानस फिरली, तारा बसल्या, आवाज आला. मुका. पुन्हा फिरली. आवाज उघडला, गुणगुण उठली, आणि हात थबकला.

मनगटात तोच ताण. चार वर्षांपूर्वी गेलेला माणूस तिच्या बोटांत बसून वाट बघत होता. ओट्यावरून काही आलं नाही. अनघा ऐकत राहिली. आवाज गोड होता, पण एका तारेच्या शेवटाला कुठंतरी गाठ होती, निदान तिला तसं वाटलं.

"नाही," ती म्हणाली. "अजून नाही."

हात तिचं ऐकून पुढं गेला. कावून नव्हे, हलक्यानं. एकदाच. तौफिकनं डोळे मोठे करून बाहेर पाहिलं. हलिमा पाठमोरीच होती, पण तिची मान अभिमानानं ताठ झाली होती. बोट तारेवरून फिरलं. गाठ सुटली होती. आवाज खोलीभर झाला, ओट्यावर गेला, गल्लीत उतरला.

हात पुन्हा थांबला.

"मॅडम," तौफिकनं हलकेच विचारलं, "आमच्या गल्लीचा शेरा काय लिहिणार?"

अनघाला उत्तर माहीत होतं. पण कानस हवेत होती, मौलालीचा हात वाट बघत होता आणि साऱ्या मिरजेनं कान टवकारले होते. आधी या हाताला उत्तर द्यायला हवं होतं. तिनं श्वास घेतला. आता हां म्हणायचं का?