पेञांच्या डोक्यावरची लाट

"आजपासून सान हिलारियोत अशक्य असं काही उरलेलं नाही!" नगरपालिकेच्या पायरीवर उभं राहून डॉन फौस्तिनो पेञा यांनी जाहीर केलं, आणि पुढची सात मिनिटं त्यांना संगणकखोलीचं कुलूप उघडता आलं नाही. किल्ली मागच्या संडासाची होती.

पेरू देशाच्या या किनाऱ्यावर ‘डॉन’ म्हणजे आपलं ‘राव’. पिस्तूल वगैरे काही नसतं. डॉन फौस्तिनोंकडे फक्त सतरा किल्ल्यांचा जुडगा होता, आणि त्यातली बरोबर किल्ली नेहमी सतरावी निघायची.

ही घोषणा ऐकायला त्या सकाळी तिघंच हजर होती. तेरा वर्षांची मारिसिएलो, तिचा बारा वर्षांचा चुलतभाऊ योर्दी आणि योर्दीची धाकटी बहीण नायेली, वय वर्षं नऊ. उन्हाळ्याच्या सुट्टीतल्या वर्गांचा आज शेवटचा दिवस होता. संध्याकाळी पाच वाजता समारोप होता. कोणी विणलेली टोपली दाखवणार होतं, कोणी बासरी वाजवणार होतं. मारिसिएलो तिने स्वतः बनवलेला संगणकावरचा खेळ भिंतीवर मोठा करून दाखवणार होती.

खेळाचं नाव ‘घोडुला’. लव्हाळ्याच्या जुड्या बांधून केलेली जी निमुळती होडी असते, तिला इथले कोळी घोडुलाच म्हणतात. मारिसिएलोचे आजोबा, डॉन असुन्सिओन, पन्नास वर्षं अशा घोडुल्यावर बसून मासे धरत आले होते. दोन वर्षांपूर्वी गुडघ्याने संप पुकारला आणि डॉक्टरांनी समुद्र बंद केला. आज रात्रीच्या बसने ते गुडघ्याच्या ऑपरेशनसाठी लिमाला निघाले होते. पुढे तिकडेच लेकाकडे राहायचं ठरत होतं. जायच्या आधी एकदा तुम्हाला समुद्रात नेऊन आणते, असा शब्द मारिसिएलोने त्यांना दिला होता. खेळातल्या लाटा त्यांनी सांगितल्या तशाच फुटत होत्या. लाटांचा आवाज तिने पहाटे किनाऱ्यावर जाऊन फोनवर घेतला होता.

कुलूप उघडलं. संगणक सुरू झाला. मारिसिएलोने खेळाच्या चित्रावर दोनदा टिचकी मारली. एक गोल गरगरलं, एक काळी खिडकी पापणी लवावी तशी चमकून गेली, आणि मग काहीच नाही.

तिने पुन्हा टिचकी मारली. गोल, खिडकी, काहीच नाही.

"काल चालत होता," ती म्हणाली.

डॉन फौस्तिनोंनी तिला बाजूला केलं आणि निदान सुरू केलं. आधी त्यांनी यंत्राच्या पाठीत फुंकर मारली, कारण समुद्राकाठी सगळ्याचं मूळ मीठ. मग यंत्र बंद करून चालू केलं. मग बंद केलं, वीस आकडे मोजले आणि चालू केलं, कारण पहिल्यांदा मोजायचं राहिलं होतं. शेवटी त्यांनी निकाल दिला: खेळात व्हायरस आहे, तो कार्यक्रमातून वगळण्यात येत आहे, आणि रिकाम्या राहिलेल्या वेळात त्यांचं स्वतःचं भाषण वीस मिनिटांनी वाढवण्यात येत आहे.

संकट आता एकट्या मारिसिएलोचं राहिलं नव्हतं. सगळ्या गावावर आलं होतं.

तिघं बाहेर पायरीवर येऊन बसली. पिशवीत गोठवलेल्या आंब्याच्या रसाच्या कांड्या चोखत त्यांनी विचार सुरू केला. योर्दीला हे घातपाताचं प्रकरण वाटत होतं. त्याचा पहिला संशय बासरीच्या वर्गावर होता आणि दुसरा ग्रंथालयातल्या मांजरावर, कारण ते काल कळफलकावर झोपलं होतं. मारिसिएलोने विचारलं की मांजराने नेमकं काय केलं असेल, तेव्हा तो म्हणाला, "तेच तर शोधायचंय."

"कालपासून आजपर्यंत काय बदललं, एवढंच बघू," मारिसिएलो म्हणाली.

पडदे धुतले होते. टेबल खिडकीकडे सरकलं होतं. भिंतीवर अल्काल्दे, म्हणजे नगराध्यक्षांचा फोटो लागला होता. यातल्या कशानेही खेळ रुसण्याचं कारण नव्हतं.

"आणि नाव," नायेली कांडीतला शेवटचा थेंब ओढत म्हणाली. "काल संगणक उघडला की ‘विद्यार्थी’ असं यायचं. आज ‘डॉन फौस्तिनो पेञा’ येतंय."

खरंच की. समारोपाला पाहुणे येणार, पडदाभर नाव झळकणार, म्हणून डॉन फौस्तिनोंनी सकाळीच स्वतःच्या नावाचं नवं खातं उघडलं होतं. मुलांच्या सगळ्या फाइल त्यात हलवल्या होत्या आणि ‘विद्यार्थी’ हे खातं पुसून टाकलं होतं. गावातली बरीचशी कामं याच पद्धतीने होत.

पण नावाचा आणि खेळाचा काय संबंध? त्या काळ्या खिडकीत काहीतरी लिहिलेलं असायचं, पण ते वाचायला माणसाला माशीचे डोळे हवेत. यावर युक्ती योर्दीने काढली. त्याने आत जाऊन फोनवर संगणकाच्या पडद्याचं चित्रण केलं आणि ते अगदी सावकाश चालवलं. एका क्षणाला खिडकी स्थिर झाली. तिच्यात एकच ओळ होती: अमुक फोल्डर सापडत नाही. आणि त्या फोल्डरचं नाव…

"हे काय लिहिलंय?" नायेली फोनवर वाकली. "डॉन फौस्तिनोंच्या नावात कोणीतरी टोपी घातलेला ए घुसवलाय. आणि त्याच्या पुढे अधिक-उणे."

इथे एक गोष्ट सांगायला हवी. आपल्या मुळाक्षरांत एक ञ असतो. पहिलीत त्याची ओळख होते आणि मग तो जन्मात पुन्हा भेटत नाही. स्पॅनिशमधला ञ मात्र रोज कामावर येतो. साध्या ‘न’च्या डोक्यावर एक छोटी लाट काढली की झाला ञ. पण ती लाट विसरली तर शब्द भलतीकडेच जातो. ‘पेञा’ म्हणजे खडक. लाट काढून घेतली की उरतं ‘पेना’, म्हणजे दुःख.

मारिसिएलोच्या डोक्यात प्रकाश पडला. खेळ जिच्यात बांधला ती प्रणाली ज्यांनी लिहिली, त्यांना आयुष्यात ञ भेटलाच नसावा. खेळ बिचारा खात्याच्या मालकाच्या फोल्डरचा पत्ता विचारत जात होता, पण ञ आला की त्याची बोबडी वळत होती. भलत्याच नावाने हाक मारायची, त्या नावाचं घर कुठे नाही असं कळायचं, आणि मुकाट्याने परत फिरायचं.

तिने खेळ त्या फोल्डरातून उचलून सगळ्यांसाठीच्या सामायिक फोल्डरात ठेवून पाहिला. काळी खिडकी या वेळी दोन सेकंद जास्त टिकली, आणि गेलीच. खेळ कुठूनही सुरू केला तरी खेळणाऱ्याचे गुण लिहून ठेवायला त्याला मालकाच्याच दारात जावं लागत होतं. खातंच बदलायला हवं होतं. आणि नवं खातं उघडायचा पासवर्ड एकाच माणसाकडे होता.

मारिसिएलोने जाऊन नम्रपणे विचारलं, की खात्याच्या नावातली लाट तेवढी काढता येईल का.

डॉन फौस्तिनो खुर्चीतून उभे राहिले. तीस वर्षं, ते म्हणाले, तीस वर्षं त्यांचं विजेचं बिल ‘श्री. दुःख’ या नावाने येत होतं. दवाखान्यात नर्स बाहेर येऊन ‘दुःख कोण आहे, आत या’ असं ओरडायची. लग्नाच्या दाखल्यावर त्यांच्या बायकोने दुःखाशी लग्न केल्याची नोंद होती, आणि ती अधूनमधून तो दाखला काढून वाचायची. आज आयुष्यात पहिल्यांदा एका यंत्राने त्यांचं नाव लाटेसकट लिहिलं होतं. "ती लाट माझ्या बापाची आहे. ती निघणार नाही."

मारिसिएलो परत आली ती तोंड पाडून. पायरीवर आता आजोबा येऊन बसले होते. नवा सदरा घातलेला, शेजारी लिमाची पेटी. तिने त्यांना सगळं सांगितलं. संगणकाचं त्यांना फारसं कळलं नाही, पण लाट म्हटल्यावर ते लक्ष देऊन ऐकू लागले.

"मोठी लाट वाट अडवून उभी असली तर तिच्याशी वाद घालायचा नसतो, पोरी," ते म्हणाले. "जिथे लाट फुटत नाही अशी एक वाट असतेच. ती शोधायची."

 मारिसिएलोने नायेलीच्या कानात काहीतरी सांगितलं.

नायेली आत गेली आणि जगातला सगळा भाबडेपणा चेहऱ्यावर आणून तिने विचारलं, "डॉन फौस्तिनो, आज अल्काल्दे साहेब संगणकासमोर बसणार ना? मग त्यांना तुमच्या नावाने बसावं लागेल? त्यांना वाईट नाही वाटणार?"

डॉन फौस्तिनोंचा रंग उडाला. दोन मिनिटांत त्यांनी पासवर्ड टाकला आणि नवं खातं उघडायला घेतलं. नावाच्या जागी त्यांनी मोठ्या आदराने लिहिलं: सेञोर अल्काल्दे.

दाराआडून बघणाऱ्या योर्दीने कपाळावर हात मारला. सेञोर म्हणजे श्रीयुत. त्यातही ञ!

नायेलीने मागे मारिसिएलोकडे पाहिलं. मारिसिएलो पुढे झाली. नुसतं सेञोर म्हणजे जरा कमीच नाही का वाटत, असं तिने विचारलं. सेञोर तर भाजीवाल्यालाही म्हणतात. आपल्याकडे मोठ्या माणसाला लोक डॉक्टर म्हणतात.

हे मात्र अगदी खरं होतं. सान हिलारियोत चांगले बूट घातलेल्या कुणालाही डॉक्टर म्हणायची रीत आहे. त्यासाठी शिकावं लागत नाही. अल्काल्दे साहेब चौथीपर्यंत शिकून होड्यांना बर्फ पुरवत, तेही रबरी बुटांत, त्यामुळे ही पदवी त्यांना कोणी दिलेली नव्हती इतकंच. डॉन फौस्तिनोंनी क्षणभर विचार केला, ‘सेञोर’ पुसलं आणि लिहिलं: डॉक्टर अल्काल्दे. एकही लाट नाही.

पाच वाजता नगरपालिकेचं मोठं दालन भरलं. संगणकही तिथे आणून ठेवला होता. टोपल्या झाल्या, बासऱ्या झाल्या. भिंतीवर ‘डॉक्टर अल्काल्दे’ ही अक्षरं उमटली, तेव्हा अल्काल्दे साहेबांनी आधी मागे वळून पाहिलं, कोण डॉक्टर आलेत म्हणून. मग कळलं तेव्हा ते खुर्चीत दोन बोटं उंच झाले.

मारिसिएलोने सामायिक फोल्डर उघडलं आणि खेळाच्या चित्रावर दोनदा टिचकी मारली. गोल गरगरलं. काळी खिडकी आली. योर्दीने डोळे मिटून घेतले.

आणि दालनात समुद्र आला. आधी नुसता आवाज, मग भिंतभर करडं पाणी, मग त्यावर डुलणारा एक लव्हाळ्याचा घोडुला. मारिसिएलोने आजोबांना हाताला धरून खुर्चीवर बसवलं आणि बटणं दाखवली.

पहिल्या लाटेत ते उलटले. दुसऱ्या लाटेतही उलटले. लोक हसले, तेही हसले. तिसऱ्या खेपेला त्यांनी बटणांकडे पाहणं सोडून दिलं. ते पाण्याकडे बघत राहिले, थांबले, एक लाट जाऊ दिली, दुसरी जाऊ दिली, आणि मग डावीकडून, जिथे लाट फुटत नव्हती तिथून, घोडुला अलगद बाहेर काढला. पलीकडे पाणी शांत होतं. आजोबा तिथेच थांबले. मासे धरायचे होते, गुण मिळवायचे होते, पण त्यांनी काहीच केलं नाही. बराच वेळ ते नुसते पाण्यावर बसून राहिले.

मग टाळ्या झाल्या. अल्काल्दे साहेबांनी विचारलं, की सकाळी बंद पडलेला खेळ सुरू कसा झाला. डॉन फौस्तिनो घसा साफ करत उठले, पण काय सांगायचं ते त्यांनाही माहीत नव्हतं. त्यांनी मारिसिएलोकडे पाहिलं.

"यंत्राला डॉन फौस्तिनोंचं नाव नीट उच्चारता येत नाही," ती म्हणाली. "ञ आला की ते अडखळतं. चूक यंत्राची आहे, नावाची नाही."

डॉन फौस्तिनो खाली बसले. "तीस वर्षं मी हेच सांगतोय," ते हळूच म्हणाले. मग पुन्हा उठून त्यांनी जाहीर केलं की या तीन मुलांनी जे शोधलं ते विजेच्या कचेरीला अजून सापडलेलं नाही, आणि पुढच्या सुट्टीपासून संगणकखोलीची किल्ली मारिसिएलोकडे राहील. वाढीव वीस मिनिटांचं भाषण त्यांनी केलंच नाही. गाव कृतज्ञ झालं. अल्काल्दे साहेबांनी तिघांशी हस्तांदोलन केलं आणि, डॉक्टर या नात्याने, त्यांना भरपूर मासे खायचा सल्ला दिला.

शेवटी माइक आजोबांपुढे धरण्यात आला. बस निघायला अर्धा तास होता. मागे भिंतीवर अजून लाटा येत होत्या, जात होत्या. बायकांनी रुमाल काढून ठेवले.

आजोबांनी सगळ्यांकडे पाहिलं, नातीच्या डोक्यावर हात ठेवला आणि म्हणाले, "फौस्तिनो, मघापासून हे पाणी ऐकतोय. ती सकाळची, मागची किल्ली जरा देतोस का?"