चार बोटं कोरडी जमीन

एक बेट वाचवायचं होतं, आणि तेही रविवारी सकाळी नऊच्या आत! त्यासाठी मे महिन्यातल्या एका गुरुवारी पहाटे पाचला तीन माणसं कुवेतमधल्या सुबियाच्या किनाऱ्यावरून एका फायबरच्या बोटीत बसून निघाली. बरोबर दोन दिवसांचं पाणी, खुब्जचा, म्हणजे अरबी रोट्यांचा, गठ्ठा, खजूर, उंची मोजायचं यंत्र आणि दोन लाकडी फळ्या. त्या फळ्या कशाला, हे नावाडी यूसुफचाचा सोडून कोणालाच माहीत नव्हतं.

बेटाचं नाव उम्म अत्-तैर, म्हणजे पाखरांची आई. नाव केवढं आणि बेट केवढं! लांबी दीडशे पावलं, रुंदी चाळीस. झाड नाही, झुडूप नाही, भोवताली मैलभर चिखल. पण दर उन्हाळ्यात काळे-पांढरे, जाड चोचीचे, खेकडे खाणारे पक्षी इथल्या वाळूत बिळं खणून पिल्लं काढत. बलदियाच्या, म्हणजे इथल्या नगरपालिकेच्या, नव्या नकाशात मात्र या बेटापुढे 'उथळ, भरतीत बुडणारे' असं लिहिलेलं होतं. बुडणाऱ्या जागेला वाली कोण? भरावासाठी तिथली वाळू उपसायचा अर्ज रविवारी, इथल्या आठवड्याच्या पहिल्या कामाच्या दिवशी, सकाळी नऊला मंजुरीला यायचा होता.

आणि तो शेरा लिहिणारी होती खुद्द जुईली!

जुईली नाशिकची, राहायला मंगफला, नोकरी राई भागातल्या एका सर्व्हे कंपनीत. गेल्या वर्षी नकाशाचे साठ तुकडे तिच्या टेबलावर आले. बाहेर ऊन मी म्हणत होतं. तिनं एसीखाली बसून उपग्रहाचा एक फोटो पाहिला, त्यात नेमकं सगळं पाणीच पाणी, आणि शेरा ठोकून दिला. फॉर्मवर एक रकाना होता, 'प्रत्यक्ष पाहणी केली काय?' तिथेही तिनं बरोबरची खूण केली. कोण बघतंय!

बघितलं तूरिदनं. किनारपट्टीच्या कामावर सल्लागार म्हणून आलेली ही पंचावन्न वर्षांची नॉर्वेजियन बाई. कागद चाळताना तिनं अगदी सहज विचारलं, "तू गेलीस तेव्हा तिथे पक्षी किती होते?" जुईलीचा चेहरा खर्रकन उतरला. तिनं सगळं कबूल केलं. दुरुस्तीची वाट एकच होती. वर्षातल्या सगळ्यांत मोठ्या उधाणाच्या दिवसांत बेटावर उभं राहायचं, आणि ऐन भरतीतही एक तरी जागा कोरडी राहते हे मोजून दाखवायचं. ते उधाण होतं याच गुरुवार-शुक्रवारी.

"काय गो पोरी, ही बाई तिकडं होती कोण?" बोट चालवता चालवता यूसुफचाचांनी विचारलं. चाचा रत्नागिरीकडचे. वडील-आजोबांपासून मचव्यावर, स्वतः तीस वर्षं कुवेतच्या पाण्यात.

"त्यांच्या बेटाच्या नगरपालिकेची आठ वर्षं अध्यक्ष होती, चाचा."

"म्हंजे सरपंच! किती वस्ती?"

जुईलीनं इंग्रजीत विचारलं. तूरिद म्हणाली, "दोनशे एक."

"हजार?"

"नाही हो. दोनशे एक माणसं!"

चाचा एवढे हसले की बोट डुलली. "आमच्या मोहल्ल्यात साखरपुड्याला याहून जास्त पानं उठतात!"

तूरिदही हसली. मग ती तिच्या बेटाबद्दल बोलत राहिली आणि जुईली चाचांना सांगत राहिली. एक मोठं बेट, भोवती शेकडो खडक. शाळेत सतरा मुलं, दिवसाला दोन फेऱ्यांची बोट, आणि त्या बोटीच्या वेळापत्रकावरून सभेत मारामारीची वेळ! ज्या खडकावर एक मेंढी हिवाळा काढू शकते, त्या प्रत्येक खडकाला नाव, आणि ते नाव नगरपालिकेच्या वहीत. जागेबद्दल काहीही ठरवायचं असलं की अध्यक्ष पहिला प्रश्न एकच विचारणार, तिथे कोण गेलं होतं? कोणीच गेलं नसेल तर ठराव पुढच्या सभेला.

ऐकताना जुईलीला तो रकाना आठवला. तिच्या खुणेचा तिला पुन्हा एकदा राग आला.

सात वाजता बोट अडली. बेट समोर दिसत होतं, दोनशे पावलांवर, पण मध्ये नुसता चिखल, तुपासारखा गुळगुळीत. "पोहोचलो की!" म्हणत जुईलीनं उडी मारली.

"अगो थांब!"

उशीर झाला. ती गुडघ्यापर्यंत गेली. पाय उपसायला गेली तर मांडीपर्यंत! चिखलानं खालून घट्ट धरलं होतं. तिनं झटका दिला. कंबर गेली!

"हलू नको!" चाचा ओरडले. एक फळी चिखलावर पडली. चाचा तिच्यावर एक गुडघा टेकून, दुसऱ्या पायानं रेटत सपकन सरकत आले. "आडवी हो. पोटावर. फळी धर. आता पाय सायकलसारखे मार, हळू... हळू..." फस्सकन आवाज झाला आणि जुईली मोकळी झाली. एक बूट मात्र चिखलानं ठेवून घेतला.

"आमच्या खाडीत कालवं-तिसऱ्या काढायला बाया अशाच जातात," चाचा म्हणाले. "चिखलात माणसानं उभं राहू नये. मोठेपणा सोडून बसावं."

मग दोन फळ्यांवरून चार खेपा झाल्या. यंत्र, पाणी, माणसं, सगळं बेटावर पोहोचलं. भरतीनं पाणी चढल्यावर चाचा बोट जवळ आणून नांगरणार होते. बेटाच्या मध्यावर वर्गखोलीएवढा सपाट उंचवटा होता आणि त्याची नुसती चाळण झाली होती. बिळंच बिळं! एका बिळातून राखाडी पिल्लानं डोकं काढलं, जुईलीकडे पाहिलं आणि ते आत पळालं. 'उथळ' म्हणे! ती इथल्या बाळंतिणींच्या खोलीवर पाणी ओतून बसली होती.

उंचवट्यावर यंत्र लागलं. पाण्याच्या कडेला खुणेच्या काठ्या रोवल्या. वेळापत्रकाप्रमाणे पूर्ण भरती अकराला होती. पण नऊला उत्तरेचा वारा सुटला, शमाल! धुळीनं सूर्य तांब्याच्या ताटासारखा झाला. तिघंही तोंडाला फडकी बांधून यंत्र धरून बसली. अकरा वाजले. पाणी चढलं आणि थांबलं. जुईलीनं आकडा वाचला आणि ती चक्क नाचली.

"हातभर कोरडी! चाचा, हातभर! जिंकलो!"

चाचा नाचले नाहीत. पाण्याकडे बघत त्यांनी दाढीतली धूळ झटकली. "पोरी, ही भरती खोटी हाय."

"म्हणजे?"

"वाऱ्यानं पाणी बाहेर ढकललंय. खरं उधाण आलंच नाय. हा आकडा दाखवलास तर कोण तुला अडवणार नाय. पण मला विचारशील, तर मी सांगतो."

जुईलीनं तूरिदला सगळं सांगितलं. ती एवढंच म्हणाली, "मोजणारी तू आहेस." झालं! मदत करायची वेळ आली की माणसं अशी शहाणी होतात. जुईलीला खरंच चीड आली. आकडा हातात होता. फोटो होते. बोट परत न्यायला पाणी होतं. संध्याकाळी मंगफच्या घरी डोक्यावरून आंघोळ आणि गरम वरणभात! कोण बघतंय?

हे शब्द मनात आले आणि तिचे कान गरम झाले. गेल्या वर्षी टेबलाशी ती हेच तर म्हणाली होती.

"चाचा, उद्या पुन्हा मोजू."

"शाब्बास! मग खजूर काढ. भूक लागलीय."

शमाल पहाटे पडला. शुक्रवारी उजाडलं ते शांत, चिकट. आणि मग गालाला दुसऱ्या बाजूनं वारा लागला. चाचा झटकन उठून उभे राहिले.

"कौस," ते म्हणाले. "आग्नेयेचा वारा. कालचं पाणी घरी परत येतंय, बायांनो. आणि पाहुणे घेऊन येतंय!"

पूर्ण भरती आज बारा वाजायला दहा मिनिटं असताना होती. दहालाच पाणी कालच्या खुणेवर आलं! जवळजवळ दोन तास बाकी, आणि लाटा एकेक काठी गिळत वर चढत होत्या. साडेदहाला अर्धं बेट गेलं. अकराला फक्त उंचवटा उरला. नांगरलेली बोट जवळच उधळलेल्या बैलासारखी दोर हिसडत होती.

चाचांनी दोघींची लाइफ जॅकेटं स्वतःच्या हातानं आवळली. "आता चढलो तर तिघं सुखरूप जाऊ. बोल."

"चढलो तर मोजणार कोण? तुम्ही दोघं बोटीत बसा. मी थांबते."

"पोहता येतं तुला?"

"येतं की! नाशिकला, तरणतलावात."

"वा! मग हा समुद्र घाबरेलच तुला!"

"चाचा, मस्करी नको. खूण मी केली होती, मीच खोडणार!"

"आणि मी तुझ्या आईला काय सांगू? बूट तेवढा सापडला?"

भांडण तिथेच राहिलं. मोठी लाट आली. फट्! दोर तुटला. बोट गर्रकन फिरली. चाचा धावले, छातीभर पाण्यात गेले, हात लांबवला. वीतभर कमी पडला! बोट वाऱ्याबरोबर निघून गेली.

आता प्रश्नच मिटला होता.

तूरिदनं शांतपणे उरलेला दोर घेतला आणि तिघांच्या कमरांना बांधला. फळ्या मध्ये ठेवल्या. "आमच्याकडे," ती म्हणाली, "अशा वेळी गाणं म्हणतात. पण माझा आवाज वाईट आहे." चाचांचे ओठ हलत होते, ते दुआ म्हणत होते. जुईलीनं यंत्राचे पाय दोन्ही हातांनी धरले.

साडेअकरा. फेस तिच्या उघड्या पावलापर्यंत आला. बिळांतून पिल्लं बाहेर आली. मोठे पक्षी पिल्लांना मध्ये घेऊन उंचवट्यावर दाटीवाटीनं उभे राहिले, माणसांची भीडभाड न ठेवता, अगदी पायाशी. एकही उडाला नाही! जुईलीला वाटलं, हे इतकी वर्षं इथे घर करतात, ते काही उगाच नाही. तिला भीती वाटत होती, रडूही येत होतं, पण पाय घट्ट होते.

अकरा पन्नास. पाणी चढतंच होतं!

अकरा पंचावन्न. एक लाट कडेच्या बिळात शिरली. जुईलीनं डोळे मिटले आणि लगेच उघडले. मोजणाऱ्यानं डोळे मिटून कसं चालेल?

बारा.

बारा पाच. लाट आली, सकाळच्या तिच्या पाऊलखुणेला शिवली, मागे गेली. पुढची तिथवर आली नाही. त्याच्या पुढचीही नाही!

"थांबलं," चाचा पुटपुटले. मग केवढ्यानं ओरडले, "थांबलं गो, थांबलं!" ते वाकले आणि पाण्याची रेघ ते उंचवट्याचा माथा यांच्यामध्ये आडवी बोटं लावली. एक, दोन, तीन, चार.

"चार बोटं!"

यंत्राचा आकडाही तेच सांगत होता. वेळापत्रकापेक्षा पाणी हातभर जास्त, आणि तरीही चार बोटं जमीन कोरडी. जुईलीनं आकडा लिहिला, फोटो काढले, आणि मग वही छातीशी धरून हमसून रडली. तूरिदनं तिला मिठी मारली. तिचेही डोळे कोरडे नव्हते.

ओहोटीला बोट अर्ध्या मैलावर चिखलात तिरकी बसलेली दिसली. चाचा फळीवर गुडघा टेकून गेले आणि वाटेत एकदाच थांबले. परत आले ते हातात जुईलीचा बूट उंच धरून!

रविवारी साडेआठला तिघं बलदियाच्या कचेरीत होती. नाकांची सालं निघालेली, ओठ फुटलेले. टेबलापलीकडच्या अधिकाऱ्यानं फोटो पाहिले, आकडे पाहिले, जुनी नोंद काढली, वाळूचा अर्ज बाजूला ठेवला आणि नवा फॉर्म पुढे केला. जुईली एकेक रकाना भरत गेली. 'वस्ती' या रकान्याशी ती अडली. अधिकारी म्हणाला, शून्य लिहा.

"शून्य का?" तूरिद पुढे झाली. गुरुवारच्या दुपारी, बाकीची दोघं डुलक्या काढत असताना, तिनं सगळी बिळं मोजली होती. "एकशे दोन बिळं. प्रत्येकात एक जोडी. दोनशे चार!"

चाचांनी हिशेब लावला आणि गुडघ्यावर थाप मारली. "सरपंचबाई, तुमच्यापेक्षा तीन जास्त!"

अधिकाऱ्यानं भुवया उंचावल्या, मग हसला आणि म्हणाला, लिहा.

शेवटचा रकाना आला. प्रत्यक्ष पाहणी केली काय? गेल्या वर्षी ही खूण करायला तिला अर्धा सेकंदही लागला नव्हता. आज पेन टेकवण्याआधी अधिकाऱ्यानं सहज विचारलं, "तुम्ही स्वतः उभ्या होतात तिथे?"

"हो," जुईली म्हणाली. "स्वतः उभी होते."

आणि तिनं खूण केली.