न खोडलेल्या तीन उत्तरपत्रिका

"माझी मुलं इतकी खाली जाणं शक्य नाही. कोणीतरी त्यांची उत्तरं बदललीत."

चौथीच्या सरांचा हा फोन सकाळी आला आणि दहाच्या ठोक्याला तपासणी अधिकारी बाई शाळेच्या ऑफिसात हजर झाल्या. शिक्षकांनी त्यांच्या माघारी ठेवलेलं नाव 'भिंग'. त्यांना ते माहीत होतं आणि आवडतही होतं.

वेळ थोडा होता. ऑफिसबाहेरच्या फळ्यावर शिक्षकांचे शेरे लावलेले होते: हिरवा, पिवळा, लाल. वर्गातली मुलं गेल्या वर्षीच्या गुणांवरून किती वर चढली, यावर शिक्षकाचा शेरा ठरायचा. तीन वर्षांत दोनदा लाल म्हणजे नोकरी गेली. सरांचा हा दुसरा लाल होता आणि संध्याकाळी पाचला आदेश निघणार होता. फळ्याजवळून जाताना शिक्षक आवाज खाली आणत, जणू आत कोणी आजारी आहे.

भिंगबाईंनी चाळीस उत्तरपत्रिका खिडकीशी नेल्या. चौथीतली पोरं पेन्सिल अशी दाबतात की रंगवलेल्या गोलाचा उंचवटा कागदाच्या मागे बोटाला लागतो. सदतीस कागदांवर मागे उंचवटा एका गोलाचा होता आणि पुढे काळा गोल भलताच. बरोबर उत्तर खोडून, शेजारचा चुकीचा गोल हलक्या हाताने रंगवलेला. हे मोठ्या माणसाचं काम होतं. उरलेल्या तीन कागदांना मात्र खोडरबर शिवलंही नव्हतं.

शिपाईमामा बोलके निघाले. एक विचारलं की चार सांगत. परीक्षेच्या दिवशी पेपर बाराला सुटला, उत्तरपत्रिकांचा गठ्ठा न्यायला गाडी तीनला आली. तोवर सर मैदानातच होते, शेवटचं मूल घरी जाईपर्यंत. ऑफिसात गठ्ठ्यापाशी आधी मुख्याध्यापक तासभर एकटे होते. ते जेवायला गेल्यावर पाचवीच्या बाई तासाहून जास्त वेळ मोजणी करत बसल्या. जाता जाता मामांनी हळहळही व्यक्त केली. पलीकडचा कारखाना दुसऱ्या गावी हलला होता, त्यामुळे चौथीतल्या जुळ्या बहिणी आणि त्यांचा मामेभाऊ दाखले घेऊन चालले होते. वर्ग सुना होईल म्हणाले.

मुख्याध्यापकांना बोलावलं तेव्हा ते घामाघूम होते.

"तुमचं आणि सरांचं पटत नाही?"

"नाही पटत. सराव पेपर सोडवून घ्यायचे सोडून हे मुलांना मैदान मोजायला नेतात."

"म्हणून ते जावेत असं वाटतं?"

"वाटायचं. पण चौथी बुडाली की शाळेचा शेरा बुडतो, आणि मी दोन महिन्यांत निवृत्त होतोय. लाल शेरा घेऊन कोण घरी जाईल?"

पाचवीच्या बाई शांत होत्या. अठ्ठावीस वर्षं याच शाळेत, सगळ्या गावाच्या बाई. सरांनाही त्यांनीच शिकवलेलं. शिक्षक हो, असं त्यांनीच सांगितलेलं. गेल्या वर्षी त्यांनाही एक लाल शेरा पडला होता. त्या म्हणाल्या, मुख्याध्यापकांच्या मनात सरांबद्दल अढी आहे हे सगळ्यांना ठाऊक आहे, आपण काय बोलणार.

पावणेपाचला भिंगबाईंनी तिघांना ऑफिसात बसवलं. दार लावून घेतलं.

"सरांना बुडवायचं असतं तर चाळीसही कागद बिघडवले असते," त्या म्हणाल्या. "पण तीन कागद सोडलेत. जुळ्या बहिणींचे आणि त्यांच्या मामेभावाचे. ती मुलं पुढच्या वर्षी या शाळेत नसणार. मग विचार करा, मुलं शाळा सोडून जाणार असतील तर त्यांचे यंदाचे गुण कोणाच्या उपयोगाचे नसतात?"

त्यांनी ते तीन कागद गठ्ठ्यातून काढून टेबलावर वेगळे ठेवले.

"पुढच्या वर्षीच्या शिक्षकाच्या. यंदा मुलं जितकी खाली दिसतील, तितकी पुढच्या वर्षी वर चढलेली दिसतील. सोडून जाणाऱ्यांचा चढ मोजलाच जात नाही, मग त्यांच्यावर वेळ कशाला घालवायचा? मुख्याध्यापक पुढच्या वर्षी इथे नाहीत. या सदतीस मुलांना पुढच्या वर्षी कोण शिकवणार आहे, बाई?"

म्हणजे कुंपणानेच शेत खाल्लं होतं. मुख्याध्यापक आ वासून बघत राहिले. सरांनी मान वरच केली नाही.

"मीच," पाचवीच्या बाई म्हणाल्या. "आणखी एक लाल पडला असता तर अठ्ठावीस वर्षं पाण्यात गेली असती. तू तरुण आहेस रे. तुला दुसरी नोकरी मिळेल, असं मी मनाला समजावलं."

भिंगबाईंनी आदेश थांबवायचा फोन केला आणि अहवालात बाईंचं नाव लिहिलं. त्यांना वाईट वाटत होतं. तरी हात थांबला नाही.

सर उभे राहिले. गठ्ठ्यातला एक कागद त्यांनी बाईंसमोर धरला.

"माझं सोडा, बाई. सदतीस मुलं घरी जाऊन म्हणाली, मला काही येत नाही. एकीने तर शाळेत यायचंच बंद केलंय. बाप म्हणतो, डोकं नाही तर घरकाम शिक. तिची सात उत्तरं खोडलीत तुम्ही."

बाईंना रडू फुटलं. तिच्या घरी आपण येतो, आपणच सांगतो, असं त्या पुन्हा पुन्हा म्हणाल्या.

ते घर शाळेच्या मागच्याच गल्लीत होतं. मुलगी दारात भांडी घासत होती. बाईंना पाहून ती उठून उभी राहिली, ओले हात फ्रॉकला पुसत. बाई तिच्यासमोर जमिनीवरच बसल्या आणि म्हणाल्या, तुझी उत्तरं बरोबर होती, ती मी खोडली.

मुलीने सरांकडे पाहिलं, मग बाईंकडे.

"पण बाई," ती हळूच म्हणाली, "बाबांनी माझी पुस्तकं देऊन टाकली."