मामाच्या डाव्या खांद्यामागे

हे घडलंय. माझ्या सख्ख्या मामाच्या बाबतीत. आणि मामा थापा मारणाऱ्यांतला नाही.

तीस वर्षं तो माहितीपटांचा कॅमेरामन. कायम पायाला भिंगरी. मामी म्हणायची, "जगाची सुखदुःखं टिपत फिरा, पण घरी कोण आहे तेही बघा कधीतरी."

ती गेली तेव्हाही तो शूटिंगवरच होता. निरोप तीन दिवसांनी पोचला.

त्यानंतर त्याने सोबत माणसं घेणंच सोडलं. कॅमेरा, आवाज, प्रश्न... सगळं एकट्याने.

ती थंडीतली दुपार होती. बंद पडलेली कागद गिरणी, आणि तिथला शेवटचा पहारेकरी. मामाने कॅमेरा लावला, कानांवर हेडफोन चढवले.

"किती वर्षं झाली इथे?"

"चाळीस," म्हातारा म्हणाला.

मग तो थांबला. मान किंचित कलती... जणू कुणाचं तरी ऐकतोय.

"नाही हो. एकटाच जेवतो."

मामाने हे विचारलंच नव्हतं.

बाहेर कबुतरं घुमत होती. आता तीही ऐकू येईनात...

"सवय होते," म्हातारा पुढे बोलला. "पहिला घास तेवढा जड जातो."

त्याची नजर मामाच्या डाव्या खांद्यामागे होती.

"बाबा, कुणाशी बोलताय?"

म्हातारा गोंधळला. "तुमच्या बाईंशी. त्या विचारतात, मी सांगतोय."

मामा वळला.

नुसती भिंत.

कसंबसं आवरून तो घरी आला. जुनं चित्रीकरण काढून बसला. मामी होती तोवर माणसं त्याच्याकडे बघून बोलत होती. ती गेल्यानंतर मात्र... एकूण एक नजर त्याच्या खांद्यामागे. कोळी, नर्स, पोस्टमन. अकरा वर्षं.

बाईचा आवाज कुठेच नाही.

परवा त्याने मला बोलावलं, खुर्चीत बसवलं आणि कॅमेरा सुरू केला.

"तुला दिसते का बघ."

मी पाच मिनिटं बघत राहिलो. काहीच दिसलं नाही. तसं सांगितलं.

मग त्याने रेकॉर्डिंग लावलं.

त्यात मी मामाच्या खांद्यामागे बघत होतो... आणि हसून म्हणत होतो, "हो मामी. सांगतो त्याला."

हे मी बोललो नव्हतो. शपथेवर सांगतो.

"काय सांगायचंय तिला?" मामाने विचारलं. "आठव ना जरा."

मी चपला घालून निघालो.

रोज फोन येतो त्याचा. मी उचलत नाही.